परसातली काकडी कडू का होते? दोष बियाचा की पाण्याचा?

परसबाग_वडगाव | ८ एप्रिल, सकाळी ७:४०

नमस्कार मंडळी. परसात ताटीवर काकडीचे चार वेल आहेत. पेरणी फेब्रुवारीच्या पहिल्या आठवड्यातली, सरळ वाणाचं, म्हणजे संकरित नसलेलं, पाकिटातलं बी. वेल हिरवेगार, फुलं भरपूर, काकड्या दिसायला देखण्या. खरं देठाकडून चावा घेतला की तोंड वाकडं होतंय. शेजारी म्हणतात बी खराब, घरातले म्हणतात बाजूच्या कारल्याचा गुण लागला, बीवाला म्हणतो पाणी कमी पडलं. नेमकं कारण काय आणि उरलेला हंगाम वाचवायचा कसा? टोक कापून चोळायचा उपाय माहीत आहे, तो सोडून बोला.

निपाणीचा_मळा | ८ एप्रिल, सकाळी ८:०५

पाणीच. एक दिवस आळं तुडुंब आणि पुढं तीन दिवस कोरडं, असं चाललं की कडू होतीयाच.

बियाणेवाली | ८ एप्रिल, सकाळी ९:३०

निपाणीकर दादा, पाणी हे निमित्त झालं, मूळ बियात आहे. काकडी, दुधी, दोडका, भोपळा या सगळ्या गणगोतात कुकरबिटासिन नावाची कडू द्रव्यं असतात. काकडीत मुख्यतः त्यातला 'सी' प्रकार. किडीपासून बचाव म्हणून वेल ते तयार करतो, त्यामुळं पानात ते सहसा असतंच. गोड काकडी देणाऱ्या वेलाचंही पान चावलं तर कडू लागतं. रानटी काकडीचं फळही कडूच असतं. माणसानं पिढ्यान्‌पिढ्या निवडून बी धरलं म्हणून फळातला कडूपणा तेवढा दबला.

२०१४ साली चिनी शास्त्रज्ञांनी हे द्रव्य घडवणारी नऊ जनुकं शोधली, आणि त्यांच्यावर हुकूम चालवणारी दोन. एकाचा हुकूम पानात चालतो, दुसऱ्याचा फळात. आपल्या खायच्या वाणांत फळातलं बटण बंद असतं, पण सगळ्याच वाणांत ते सारखं घट्ट बंद नसतं. ताण बसला की काही वाणांत ते चालू होतं, काहींत तेवढ्याच ताणात काहीच होत नाही. म्हणून एकाच पाण्यावर एका वाफ्यातली काकडी कडू आणि शेजारच्या वाफ्यातली गोड असं दिसतं. नुसतं पाणी हे उत्तर मला पुरेसं वाटत नाही.

निपाणीचा_मळा | ८ एप्रिल, सकाळी ९:५०

ताई, ते खरं मानलं. तरी परसात चार वेल लावणाऱ्याला वाण बदलणं पुढल्या हंगामातच जमणार. आज त्याच्या हातात पाणीच हाय की.

गच्चीबाग_टिळकवाडी | ८ एप्रिल, सकाळी १०:१५

कारल्याबद्दल कुणीतरी पक्कं सांगा ना. आमच्या गल्लीत सगळे हेच म्हणतात, काकडी आणि कारलं एका मांडवावर नको.

तांबडीमाती_खानापूर | ८ एप्रिल, सकाळी ११:००

खुशाल लावा. कारलं आणि काकडी या दोन वेगळ्या जाती, त्यांचा संकर होतच नाही. काकडीत गुणसूत्रं १४, कारल्यात २२. वाळकं आणि खरबूज दिसायला काकडीच्या जवळची, पण त्यांची २४, म्हणून त्यांच्याशीही संकर जमत नाही.

आता समजा दुसऱ्या, कडू काकडीचाच पराग मधमाशीनं आणला. तरीसुद्धा या हंगामातल्या फळाची चव बदलत नाही. साल आणि गर हे आईवेलाचे, पराग फक्त आतल्या बियांत उतरतो. तेच बी धरून पुढल्या वर्षी पेरलंत तर मात्र परिणाम दिसेल. घरचं बी वर्षानुवर्षं धरणाऱ्यांच्या काकड्या हळूहळू कडू होत जातात त्यामागं हे एक कारण असू शकतं.

एका मांडवावर नको म्हणायचं कारण वेगळं आहे. दोन्ही वेलांवर फळमाशी आणि भुरी (पानांवरची पांढरी बुरशी) तीच येते, आणि कारल्याचा पसारा वाढला की काकडीला ऊन-वारा मिळत नाही.

हिडकल_काठ | ८ एप्रिल, सकाळी ११:२०

आणि बोट दाखवलं की कोवळी काकडी गळते, त्याचं काय? आमच्या आजीसमोर मळ्यात हात वर करायची सोय नव्हती, सगळी पोरं मूठ आवळून काकडी दाखवायची!

तांबडीमाती_खानापूर | ८ एप्रिल, सकाळी ११:३५

हाहा, आमच्याकडंही तेच. मादी फुलाच्या मागं बोटाएवढी काकडी आधीपासूनच असते. पराग मिळाला नाही की ती पिवळी पडून दोन-चार दिवसांत गळते. बोटाचा दोष नाही, मधमाशी आली नाही एवढंच. सकाळी १० च्या आत औषध फवारलं की हेच होतं. फवारायचं तर संध्याकाळी.

काळवट_रान_अथणी | ८ एप्रिल, दुपारी १:१०

आपल्या भागात काकडी कडू व्हायचे दोन ठरलेले मोसम आहेत.

पहिला मार्च अखेर ते वळीव लागेपर्यंत. बेळगाव शहर साडेसातशे मीटर उंचीवर, तिथं दुपारी ३५-३६ अंश. आमच्याकडं अथणीत ३८-४०. काकडीला १८ ते ३० मानवतं. ३५ च्या वर दुपारी पान जेवढं पाणी सोडतं तेवढं मुळाला ओढता येत नाही, जमिनीत ओल असली तरी. वेल दुपारी मान टाकतो आणि संध्याकाळी उभा राहतो, म्हणजे ताण रोज बसतोय.

दुसरा मोसम डिसेंबर-जानेवारीचा, आणि तो लोकांच्या ध्यानात येत नाही. पाणी वेळच्या वेळी, ऊन कोवळं, तरी काकडी कडू. तिथं कारण रात्रीच्या गारठ्याचं. रात्री १३-१४ आणि दुपारी २९-३० असा पंधरा अंशांचा झोका रोज बसतो. थंडीच्या ताणानंही फळात कडूपणा उतरतो. अशा वेळी पाणी वाढवलं तर मुळं आणखी गारठतात. तेव्हा पाणी सकाळी ऊन चढल्यावर द्यावं, संध्याकाळी नाही. पश्चिमेकडून उघडा वाफा असेल तर मक्याच्या दोन ओळी आडोसा म्हणून पुरतात.

बियाणेवाली | ८ एप्रिल, दुपारी १:४०

अथणीकर दादांचा दुसरा मुद्दा फार महत्त्वाचा आहे, धन्यवाद. पाणी-पाणी करताना थंडी विसरली जाते.

मावशींचं_स्वयंपाकघर | ८ एप्रिल, दुपारी ३:३०

धागाकर्त्या, चोळायचा उपाय सोडून बोला म्हणालात, पण त्याचंही खरंखोटं होऊ दे. टोक कापून चोळल्यावर जो पांढरा फेस येतो तो कापलेल्या तोंडाशी आलेला चीक. तो पुसला की त्या तोंडापुरता कडूपणा कमी होतो. आतला गर तसाच राहतो.

कडूपणा असतो देठाकडच्या टोकात आणि सालीच्या लगत. म्हणून देठाकडून दीड-दोन इंच सरळ कापून टाकायचं. साल पातळ खरवडून भागत नाही, सुरीनं जाड काढायची, सालीखालचा हिरवट थर दिसेनासा होईपर्यंत. सोलणं फुलाच्या टोकाकडून सुरू करायचं आणि देठाकडं संपवायचं, नाहीतर सुरी कडू रस पुढं नेते. एक काकडी झाली की सुरी धुवायची. मग मधल्या भागाची चकती चाखायची. किंचित कडसर असेल तर मीठ लावून वीस मिनिटं निथळत ठेवा, पिळून दह्यात घाला, कोशिंबीर जमते.

शिजवलं की कडूपणा जातो हे मात्र डोक्यातून काढा. उष्णतेनं ते द्रव्य मोडत नाही. धोंडसात, म्हणजे काकडीच्या गोड केकात, एक कडू तवसं (पावसाळी मोठी काकडी) किसलं गेलं तर गूळ, रवा, नारळ सगळंच वाया. म्हणून किसायच्या आधी प्रत्येक तवसं चाखायचं, एकही न वगळता.

हिडकल_काठ | ८ एप्रिल, दुपारी ३:५५

मावशी, कडू काकडीनं अपाय होतो का? दुधीबद्दल ऐकलं होतं.

बियाणेवाली | ८ एप्रिल, दुपारी ४:२०

दुधीबद्दल ऐकलंत ते खरं आहे. कडू दुधीचा रस पिऊन लोक गंभीर आजारी पडले, मृत्यूही झाले. आयसीएमआरनं, म्हणजे भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेनं, तज्ज्ञांची समिती नेमली आणि तिचा अहवाल २०१२ साली प्रसिद्ध झाला. सांगणं साधं होतं: रस करण्याआधी दुधी चाखा, कडू असेल तर पिऊ नका, आणि प्यायल्यावर ओकाऱ्या-जुलाब सुरू झाले तर थेट दवाखाना. यावर खास असा उतारा औषधात नाही.

काकडीत प्रमाण सहसा खूप कमी असतं, कडसर फोड गेली म्हणून काही होत नाही. पण जिभेला चटका बसल्यासारखी जहर कडू लागली तर थुंका आणि अख्खी फेकून द्या. मध किंवा आवळा मिसळून कडू काकडीचा रस पिणाऱ्यांना हात जोडून सांगते, हे करू नका. गोडव्यानं चव झाकते, द्रव्य तेवढंच पोटात जातं.

मावशींचं_स्वयंपाकघर | ८ एप्रिल, दुपारी ४:३०

बरोबर. माझे उपाय किंचित कडसर काकडीपुरतेच. जहर कडू असेल ती खतात.

ठिबक_अण्णा_चिकोडी | ८ एप्रिल, रात्री ८:४५

पाणी किती ते कुणी आकड्यात सांगितलंच नाही. फळावर आलेल्या एका वेलाला एप्रिलात रोज अडीच ते तीन लिटर लागतंय. तासाला दोन लिटर सोडणारे ठिबकचे दोन ड्रिपर, बुडापासून वीतभर लांब, दोन बाजूंना. सकाळी अर्धा तास आणि उन्हं उतरल्यावर पाव तास, झाले तीन लिटर. एकाच ड्रिपरनं एकाच जागी दिलं तर मुळं तिथंच गोळा होत्यात आणि एक दिवस चुकला तर वेल लगेच दमतोय.

काकडीची कामाची मुळं वरच्या फूटभरातच असत्यात. वरची माती कोरडी झाली की खाली कितीबी ओल असू दे, फायदा नाही. बोट दोन पेरं खुपसून बघा. बोटाला गार माती चिकटली तर बरोबर. कोरडी भुगा लागली तर उशीर झालाय. चिखल निघाला तर एक पाळी सोडा.

आच्छादनाला उसाच्या पाचटासारखं दुसरं काही नाही आणि आपल्याकडं ते फुकट हाय. सात-आठ सेंटिमीटर जाड पसरा, खोडापासून चार बोटं सोडून, नाहीतर बूड कुजतंय. पाचट जाळू नका रे, त्याच्यानं जमीन थंड राहती.

काळवट_रान_अथणी | ८ एप्रिल, रात्री ९:१५

अण्णा, तुमचं वेळापत्रक तांबड्या आणि मुरमाड जमिनीला. भारी काळ्या रानात रोज दोन वेळा दिलं तर मुळं गुदमरतील. तिथं एक दिवसाआड, एकदम जास्त वेळ. आणि वीतभर उंच गादीवाफ्यावरच लावायचं. काळ्या जमिनीत दुसरी अडचण भेगांची. वाळली की भेग पडते आणि मुळं तुटतात, मग लगेच पाणी दिलं तरी वेल पंधरा दिवस सावरत नाही. भेग दिसायच्या आत पाणी गेलं पाहिजे.

ठिबक_अण्णा_चिकोडी | ८ एप्रिल, रात्री ९:३०

व्हय, बरोबर. काळ्या रानाला तसंच.

निपाणीचा_मळा | ९ एप्रिल, सकाळी ६:५०

खताकडं कुणी वळंना, म्हणून लिहितो. फळ कडू झालं की लोक वेल कमजोर समजून मूठभर युरिया टाकत्यात. त्याच्यानं उलट होतंय. नत्र जास्त झालं की वेल माजतो, पानं हाताएवढी गडद हिरवी होत्यात आणि फळातला कडूपणा वाढतोय. काकडीची शिफारस हेक्टरी १०० किलो नत्र, ५० स्फुरद, ५० पालाश. चौरस मीटरला हिशेब केला तर युरिया २२ ग्रॅम, सिंगल सुपर फॉस्फेट ३० ग्रॅम, पोटॅश ८ ग्रॅम, तेपण पूर्ण हंगामाला. युरिया अर्धा लावताना आणि अर्धा महिन्यानं. मूठभर म्हंजे एका दणक्यात पूर्ण हंगामाच्या वर जातंय.

तांबडीमाती_खानापूर | ९ एप्रिल, सकाळी ७:३०

युरियाबद्दल सहमत, पण दुसरी बाजूही आहे. वेल उपाशी राहिला तरी फळं कडू होतात. आमच्या पावसाळी भागात तांबडी माती धुऊन जाते, सामू (पीएच) साडेपाचच्या खाली येतो आणि टाकलेलं खत वेलाला लागत नाही. काकडीला सामू ६ ते ७ हवा. माती तपासून घ्यावी आणि आम्लता निघाली तर लावणीच्या महिनाभर आधी चौरस मीटरला २००-३०० ग्रॅम शेतीचा चुना मिसळावा. चुना आणि शेणखत एकाच दिवशी नको, नत्र उडून जातं. शेणखत चौरस मीटरला दोन ते अडीच किलो, पूर्ण कुजलेलं. मग युरियाची फारशी गरजच उरत नाही.

परसबाग_वडगाव | ९ एप्रिल, सकाळी ८:२०

सगळ्यांचे मनापासून आभार. राहिलेली माहिती देतो. नळाला चार-पाच दिवसांनी पाणी येतं, त्या दिवशी वेलाला दोन-दोन बादल्या, मधे काहीच नाही. माती तांबूस-काळी मिसळ. आच्छादन नाही. पहिल्या तोड्याच्या काकड्या गोड होत्या, मार्च सरताना चारही वेलांच्या एकदम कडू झाल्या. मग आता बी की पाणी?

बियाणेवाली | ९ एप्रिल, सकाळी ९:०५

तुमच्या शेवटच्या ओळीतच उत्तर आहे, आणि इथं निपाणीकर दादांचं म्हणणं बरोबर ठरतं. ओळखायचं असं: एकच वेल पहिल्या फळापासून कडू आणि बाजूचे गोड, तर दोष बियाचा. तो वेल उपटा, त्याला पाणी घालून उपयोग नाही. सगळे वेल एकाच आठवड्यात कडू झाले तर दोष पाण्याचा किंवा हवेचा. एका वेलाचं पान पिवळ्या-हिरव्या ठिपक्यांचं, आखडलेलं आणि फळावर गाठी, तर तो मोझॅक विषाणू. त्यानंही फळ कडू होतं. तो वेल त्याच दिवशी काढून जाळा आणि मावा आवरा, कारण मावाच तो पसरवतो. आणि फक्त उशिरा तोडलेली जाड, पिवळट फळं कडू असतील तर दोष तोडणीचा.

तुमचं पाणी आणि ऊन दोन्ही एकदम आलंय. वेलावर आज आहेत त्या काकड्या गोड होणार नाहीत. फळात उतरलेला कडूपणा परत जात नाही. त्या सगळ्या आजच तोडा, लहान असल्या तरी. नवीन फूल ते काकडी व्हायला आठ ते बारा दिवस जातात, म्हणजे आजपासून पाणी बसवलंत तर फरक साधारण दोन आठवड्यांनी कळेल. मधेच निराश होऊन वेल उपटू नका.

ठिबक_अण्णा_चिकोडी | ९ एप्रिल, सकाळी ९:४०

वडगावकर दादा, नळाचं पाणी साठवा की. दोनशे लिटरचा ड्रम विटांच्या ओट्यावर छातीएवढ्या उंचीला ठेवा. तळापासून चार बोटं वर नळ बसवा, म्हंजे गाळ खाली राहील. नळाला जाळीचा फिल्टर आणि पुढं १६ एमएमची नळी. चार वेलांना रोज बारा लिटर धरलं तरी ड्रम पंधरा दिवस जातोय.

एक ध्यानात ठेवा. एवढ्या उंचीवरनं दाब कमी मिळतो, ड्रिपरवर लिहिलेले दोन लिटर तासाला पडणार नाहीत. ड्रिपरखाली बाटली धरून दहा मिनिटांत किती भरतंय ते मोजा आणि त्याला सहानं गुणा. त्यावरनं वेळ ठरवा. दाब भरून घेणारे ड्रिपर इथं घेऊ नका, कमी दाबाला ते नीट चालत नाहीत, साधेच घ्या. ड्रमला झाकण घाला, डास आणि शेवाळ दोन्ही टळतंय.

गच्चीबाग_टिळकवाडी | ९ एप्रिल, सकाळी १०:३०

गच्चीवाल्यांसाठी भर. बारा इंची बॅगेत वीस-बावीस लिटर माती बसते, एप्रिलच्या उन्हात ती दुपारपर्यंत सुकते. काकडीला निदान १५ इंची बॅग हवी, एका बॅगेत एकच वेल. दोन भाग तांबडी माती, एक भाग शेणखत, एक भाग कोकोपीट. काळी पिशवी उन्हात तापून कडेची मुळं भाजतात, म्हणून बाहेरून ओलं पोतं गुंडाळा आणि बॅग स्लॅबवर न ठेवता दोन विटांवर ठेवा. सावलीला ३५ टक्क्यांचं शेडनेट, दुपारी १२ ते ४ पुरतं. ५० टक्के किंवा जास्त लावलं तर वेल ताणत जातो आणि मादी फुलं कमी येतात.

हिडकल_काठ | ९ एप्रिल, सकाळी ११:१०

तोडणी कधी करायची, तेही सांगा कुणीतरी. आमच्याकडं 'अजून थोडी वाढू दे' म्हणत ठेवतात.

तांबडीमाती_खानापूर | ९ एप्रिल, दुपारी १२:००

एक दिवसाआड तोडा, सकाळी. साधी काकडी वीतभर झाली, कडा अजून गोल आहे, साल नखानं सहज खरचटते, तेव्हा तोडायची. पिवळी झाक आली की उशीर झाला. एक जून फळ वेलावर राहिलं तर नवीन फळं धरणंही मंदावतं. तोडताना ओढू नका, देठ बोटभर ठेवून कात्रीनं कापा. ओढल्यानं वेलाला हिसका बसतो आणि मुळं हलतात.

तवश्याचा नियम वेगळा, ते मोठंच होऊ द्यायचं असतं. पावसाळ्यात ढगाळ हवेत त्याला ताण कमी बसतो. फक्त वाफ्यात पाणी तुंबू देऊ नका. पाण्यात बुडालेलं मूळ पाणी ओढू शकत नाही, चिखलात उभा वेल पान टाकतो आणि माणूस त्याला तहान लागली समजून आणखी पाणी घालतो. जोराच्या वळवानंतरही हेच होतं, म्हणून वाफ्याच्या खालच्या अंगाला चर काढून ठेवा.

निपाणीचा_मळा | ९ एप्रिल, दुपारी १२:४०

वाळकाचं सांगतो, विषय निघालाच हाय तर. ज्वारीच्या रानातलं गावठी वाळूक कोवळं असताना कधी कधी कडू निघतंय आणि पिकल्यावर गोड होतंय. काकडीच्या उलट. म्हणून वाळकाचा हिशेब काकडीला लावू नका, कडू काकडी पिकायची वाट बघून गोड होत नाही.

गच्चीबाग_टिळकवाडी | ९ एप्रिल, दुपारी १:१५

बियाणेवाली ताई, पुढच्या हंगामाला कुठलं बी घ्यायचं? अजिबात कडू न होणारी जात असते का?

बियाणेवाली | ९ एप्रिल, दुपारी ३:००

असते. काही जातींत पानापासून फळापर्यंत कडू द्रव्य तयारच होत नाही, कारण ते घडवणारं पहिलंच जनुक निकामी असतं. पॉलीहाऊसमधल्या बिनबियांच्या, परागाशिवाय फळ धरणाऱ्या संकरित काकड्यांत हा गुण बरेचदा असतो. बी महाग, आणि उघड्यावर लावलं तर कोळी कीड जास्त लागते, कारण वेलाचं संरक्षणच गेलेलं असतं. लाल भुंगेऱ्याचं उलटं, त्याला तो कडूपणाच आवडतो.

उघड्या परसाला राहुरी विद्यापीठाच्या हिमांगी आणि फुले शुभांगी, दापोलीची शीतल हे सरळ वाण आहेत, त्यांचं बी घरी धरता येतं. जून-जुलैत पेरा. उन्हाळी करायची तर जानेवारीच्या मध्यावर लावा, म्हणजे बरेचसे तोडे कडक उन्हाच्या आधी निघतात. फेब्रुवारीची लावण आपल्याकडं नेमकी कडक उन्हात सापडते.

रोपाची परीक्षा घरीही होते. उगवल्यावर पहिली दोन जाड पानं उघडली की त्यातल्या एकाचा तांदळाएवढा तुकडा समोरच्या दातांनी चावायचा आणि थुंकायचा. कडू लागलं तर तो नेहमीचा वेल, सांभाळलं तर गोड फळ देणारा. अजिबात कडू नसेल तर त्या वेलाला कडू फळ येणारच नाही. दोन रोपांच्या मधे चूळ भरा, जिभेवर कडू चव बराच वेळ राहते. आणि बी गुलाबी-निळं, औषध लावलेलं असेल तर ही परीक्षा करू नका.

परसबाग_वडगाव | ९ एप्रिल, सायंकाळी ६:१०

ड्रमचं सामान आणलं, पाचट उद्या येतंय. आता एक विचारतो. याच वेलांचं बी धरावं का?

बियाणेवाली | ९ एप्रिल, सायंकाळी ७:००

धरा, पण लगेच नाही. पाणी सुरळीत झाल्यावर दोन-तीन तोडे चाखा, वेलाला चिठ्ठी बांधून ठेवा. जो वेल सगळ्यांत आधी गोडावर आला आणि गोड राहिला, त्याचंच बी. चार वेलांत एकदम कडू झालेले सारखे दिसतात, सावरताना फरक कळतो.

संध्याकाळी उद्या उमलणारं पिवळसर नर आणि मादी फूल बघून दोन्हींची तोंडं दोऱ्यानं हलकी बांधा. सकाळी ७ ते ९ मधे नर फूल तोडून पाकळ्या काढा, पराग मादी फुलाच्या मध्यावर हळू फिरवा आणि मादी फूल परत बांधा. देठाला रंगीत दोरा. आजूबाजूला कुणाची काकडी असेल तर हे बांधणं चुकवू नका.

तांबडीमाती_खानापूर | ९ एप्रिल, सायंकाळी ७:३०

ते फळ तपकिरी-पिवळं होईपर्यंत वेलावर ठेवायचं, ३५-४० दिवस. तोडून आठवडाभर घरात, मग चिरून बी गरासकट भांड्यात घ्या, थोडं पाणी घालून दोन दिवस आंबवा. वरचं पोकळ बी ओतून टाका, बुडालेलं धुऊन सावलीत आठ दिवस वाळवा. कागदाच्या पुडीत, पुडीवर वाण आणि वर्ष. कोरड्या जागी चार वर्षं उगवतं.

परसबाग_वडगाव | ९ एप्रिल, रात्री ८:०५

बीचं फळ ठेवलं की त्या वेलाच्या खायच्या काकड्या कमी होणार ना?

तांबडीमाती_खानापूर | ९ एप्रिल, रात्री ८:२०

होणार. म्हणून एकाच वेलावर बीची दोन फळं ठेवा, त्याची बाकीची कोवळी असतानाच काढा, आणि खायला उरलेले तीन वेल.